कुठलं विंडोज?

विंडोज ११ चालणाऱ्या संगणकाच्या रजिस्ट्रीत 'प्रॉडक्टनेम' नावाची एक नोंद असते. ती उघडून वाचली तर तिथे 'विंडोज १० प्रो' किंवा 'विंडोज १० होम' असं लिहिलेलं सापडतं. आवृत्ती क्रमांक विचारला तर उत्तर येतं १०.०. बिल्ड २२००० किंवा त्याच्या पुढचा दिसला की मगच समजायचं, हे अकरा आहे. संगणकात बिघाड काही नाही. जगभरातल्या विंडोज ११ वर हेच वाचायला मिळतं.

माझा मामा एका सहकारी बँकेची सर्व्हर रूम सांभाळतो. मी सॉफ्टवेअर कंपनीत मजकूर लिहिते: अपडेटच्या सूचना, चुकांचे संदेश, मदतीची पानं. म्हणजे आवृत्तीचं नाव माझ्या हातून लोकांच्या पडद्यावर जातं आणि मामा त्याच नावाचा आधार घेऊन रात्री पॅच टाकतो. या एका नोंदीवरून आमचं जे बोलणं सुरू झालं ते बरंच लांबलं. त्यातलं महत्त्वाचं इथे मांडते आहे.

मी : मामा, मला यात गैर काही दिसत नाही. माणसानं वाचायचं नाव वेगळं आणि प्रोग्रॅमनं वाचायचा आकडा वेगळा. लॅपटॉप घ्यायला आलेल्या बाईला 'विंडोज ११' एवढं कळलं की तिचं काम झालं.

मामा : तिचं झालं. पण प्रिंटर चालेना म्हणून ती ज्याला फोन करते, त्याचं काय? तो पहिला प्रश्न विचारतो, कुठलं विंडोज? ती सांगते, अकरा. मग तो विचारणार होम की प्रो, २२एच२ की २४एच२. तिच्याकडे उत्तर नाही, कारण तुम्ही लोकांनी तिला सांगितलंय की अकरा म्हटलं की झालं.

मी : विनव्हर टाइप केलं की सगळं दिसतं की.

मामा : अगं, विनव्हर टाइप कर हे तिला सांगणारा माणूस फोनवर असावा लागतो ना. नाव असं हवं की ते ऐकल्यावर दुसरा प्रश्न विचारावा लागू नये.

मी : असं नाव सात शब्दांचं होईल. कोणी ते उच्चारणार नाही. आणि तू ज्या आकड्यांवर एवढा विश्वास ठेवतोस ते तरी कुठे खरं बोलतात? विंडोज ७ चा आतला क्रमांक ६.१ आहे, सात नाही. व्हिस्टा ६.० होती आणि कितीतरी प्रोग्रॅम फक्त पहिला आकडा तपासत होते. तिथे ७ लिहिलं असतं तर ते चालायचेच थांबले असते, म्हणून ६ तसाच ठेवला. विंडोज ८ चा ६.२, ८.१ चा ६.३. विंडोज १० च्या सुरुवातीच्या चाचणी बिल्डवर ६.४ होता, तो एकदम १०.० झाला. आणि ८.१ पासून तर प्रोग्रॅमनं जुन्या पद्धतीनं आवृत्ती विचारली आणि स्वतःच्या मॅनिफेस्टमध्ये 'मला ही आवृत्ती माहीत आहे' असं लिहिलेलं नसलं, तर विंडोज त्याला जुनाच आकडा सांगतं.

मामा : ॲपलकडेही तेच. १०.९ नंतर १०.१० आलं, तर आकड्याला दशांश समजणाऱ्या प्रोग्रॅमना ते १०.१ वाटलं. २०२० मध्ये बिग सर ११ म्हणून आलं, पण जुन्या प्रोग्रॅमनी विचारलं की ते स्वतःला १०.१६ म्हणवतं. माहीत आहे मला हे. ही तडजोड मला समजते. जुना प्रोग्रॅम मोडू नये म्हणून आकडा अडकवून ठेवला, त्यामागे निदान कोणाची तरी काळजी आहे. माझी तक्रार आहे ती सर्व्हरच्या नावांबद्दल. २००८ आणि २००८ आर२ घे.

इथे मामा थांबेना. मी त्याला थांबवलंही नाही, कारण हा त्याचा सगळ्यात पक्का भाग आहे.

मामा : सर्व्हर २००८ म्हणजे व्हिस्टाचा भाऊ, ६.०. सर्व्हर २००८ आर२ म्हणजे विंडोज ७ चा भाऊ, ६.१. मधे आख्खी एक पिढी गेली. पण नाव ऐकून काय वाटतं? २००८ च आहे, थोडी डागडुजी केलेली. कितीतरी लोक आर२ ला सर्व्हिस पॅक समजायचे. आता त्याचा परिणाम बघ. २००८ बत्तीस बिटचं मिळत होतं, आर२ फक्त चौसष्ट बिटचं. बत्तीस बिटच्या २००८ वर आर२ चढवता येत नाही, नव्यानं इन्स्टॉल करावं लागतं. हे ज्याला नावावरून कळलं नाही, त्यानं रविवारची रात्र अपग्रेडसाठी राखून ठेवली आणि सेटअपनं पहिल्याच पायरीवर नाही म्हटलं. आणि हे एकदा करून थांबले नाहीत. २०१२ म्हणजे विंडोज ८, २०१२ आर२ म्हणजे ८.१. व्हेंडरला ड्रायव्हर मागताना 'आर२' म्हणायचं राहिलं की चुकीची फाइल येणार.

मी : पण दोघांचा सपोर्ट एकाच दिवशी संपला ना? २००८ आणि २००८ आर२, दोन्ही १४ जानेवारी २०२०. २०१२ ची जोडीही १० ऑक्टोबर २०२३ ला. ज्या तारखेची तू सर्वांत जास्त काळजी करतोस, तिथे तरी एक नाव बरोबर ठरलं.

मामा : तारीख सारखी ठेवली हे चांगलं केलं. पण वर्षाचं नाव दिल्यामुळे लोकांना तारखेचा जो अंदाज येतो तो किती फसवा असतो ते सांगतो. विंडोज १० ची दीर्घ सपोर्टची आवृत्ती असते, एलटीएससी. कारखान्यातली यंत्रं, दवाखान्यातली उपकरणं, जिथे सारखे बदल नको असतात तिथे ती घालतात. एलटीएससी २०१९ आणि एलटीएससी २०२१. सांग, आधी कुठली संपणार?

मी : २०१९.

मामा : २०१९ ला दहा वर्षांचा सपोर्ट आहे, ९ जानेवारी २०२९ पर्यंत. २०२१ ला पाचच वर्षांचा, १२ जानेवारी २०२७. नवीन घेतली म्हणून निर्धास्त बसलेला माणूस आधी उघड्यावर पडणार.

मी : हा नावाचा दोष नाही. धोरण बदललं, नाव तेच राहिलं.

मामा : तेच तर. नावानं एक सवय लावली आणि धोरणानं ती मोडली. सेंटओएस या फुकट मिळणाऱ्या लिनक्सचं तसंच. सेंटओएस ८ चा सपोर्ट २०२९ पर्यंत असणार होता. डिसेंबर २०२० मध्ये जाहीर झालं की तो ३१ डिसेंबर २०२१ लाच संपेल. ज्यांनी सातवरून आठवर जायची मेहनत घेतली होती त्यांच्या हातात एक वर्ष उरलं, आणि जे सातवरच थांबले होते ते ३० जून २०२४ पर्यंत शांत होते.

सेंटओएसबाबत मामाच्या आवाजात अजून कडवटपणा येतो आणि मला तो रास्त वाटतो. फुकट मिळणाऱ्या गोष्टीवर हक्क कसा सांगायचा, असं काही जण म्हणतात. पण लहान संस्थांनी, प्रयोगशाळांनी, होस्टिंगवाल्यांनी त्या एका तारखेवर पुढची सगळी कामं आखली होती. फुकट असलं तरी तारीख जाहीर केली की ती पाळण्याची जबाबदारी येतेच.

मी : बरं, आता माझं ऐक. डेस्कटॉप आणि सर्व्हर अशी नावंच वेगळी ठेवावीत का, इथून माझी शंका सुरू होते. १९९६ मध्ये विंडोज एनटी ४.० आलं. वर्कस्टेशन आणि सर्व्हर, दोन उत्पादनं, किमतीत मोठा फरक. वर्कस्टेशनच्या परवान्यात दहा जोडण्यांची मर्यादा, म्हणजे त्यावर वेबसाइट चालवायची नाही. सांगितलं जात होतं की सर्व्हर हा मुळातच वेगळ्या कामासाठी बांधला आहे. आणि त्याच वर्षी लोकांनी उघडून पाहिलं तर दोन्हींचा गाभा एकच! रजिस्ट्रीत प्रॉडक्टटाइपची नोंद 'विनएनटी' असली की वर्कस्टेशन, 'सर्व्हरएनटी' असली की सर्व्हर. मग हे नाव वस्तूचं होतं की किमतीचं?

मामा : दोन्हीचं. ती नोंद वाचून गाभा सुरुवातीलाच स्वतःची मांडणी बदलतो. मेमरी कशी वाटायची, प्रत्येक कामाला सलग किती वेळ द्यायचा, हे सगळं त्यावर ठरतं. समोर बसलेल्या माणसाची खिडकी चटकन हलावी, ही डेस्कटॉपची गरज. पन्नास जणांच्या विनंत्या सारख्या रेटत राहणं ही सर्व्हरची. कोड एक असला तरी वागणं एक नाही.

मी : पण ते वागणं एका नोंदीनं बदलतं, तर गिऱ्हाइकाला तसं सरळ सांगायला काय हरकत होती? तिथे नावानं माहिती दिली नाही, झाकली. ॲपलनं निदान हे लवकर सोडलं. स्नो लेपर्डपर्यंत मॅक ओएस एक्स सर्व्हर हे वेगळं उत्पादन होतं. लायनपासून सर्व्हर म्हणजे त्याच सिस्टिमवर घ्यायचं एक ॲप झालं.

मामा : आणि २०२२ मध्ये तेही बंद झालं. असू दे. तू म्हणतेस झाकलं, मी म्हणतो की तो गाभा आजही एकच आहे, म्हणून तर नाव आणखी स्पष्ट हवं. सर्व्हर २०२५ चा बिल्ड २६१००. विंडोज ११ २४एच२ चाही बिल्ड २६१००. बिल्ड बघून सर्व्हर आहे की डेस्कटॉप हे सांगता येणार नाही. मी स्क्रिप्ट लिहितो तेव्हा प्रॉडक्टटाइप वेगळा विचारतो. १ आला तर डेस्कटॉप, २ आला तर डोमेन कंट्रोलर, ३ आला तर साधा सर्व्हर. एकोणीसशे शहाण्णवची ती नोंद इथपर्यंत आली आहे. आणि हा फरक कोणी नीट पाहिला नाही तर काय होतं, ते नोव्हेंबर २०२४ मध्ये दिसलं.

ही घटना थोडी सविस्तर सांगायला हवी. त्या महिन्यात काही कंपन्यांमध्ये सर्व्हर २०२२ असलेली यंत्रं एका रात्रीत सर्व्हर २०२५ झालेली आढळली. कोणी अपग्रेड मागितलं नव्हतं. २०२५ साठी वेगळं लायसन्स लागतं, ते कोणी घेतलेलं नव्हतं. आणि परत मागे यायची सोपी वाटही नव्हती, बॅकअपवरून जुनी सिस्टिम उभी करणं एवढंच हातात होतं. मायक्रोसॉफ्टनं सांगितलं की जिथे बाहेरच्या कंपन्यांची अपडेट सांभाळणारी साधनं वापरात होती तिथे हे घडलं. ऐच्छिक म्हणून ठेवलेलं अपग्रेड त्या साधनांनी नेहमीच्या अपडेटसारखं घेतलं. त्या अपग्रेडला जोडलेला केबी क्रमांक होता ५०४४२८४. विंडोज ११ २४एच२ च्या ऑक्टोबरमधल्या मासिक सुरक्षा अपडेटचा क्रमांकही तोच.

मी : ऐच्छिक आणि आवश्यक यातला फरक साधनानं पाळला नाही. ती साधनाची चूक.

मामा : असेल. पण मी सर्व्हर रूममध्ये बसून ५०४४२८४ असं शोधतो, तेव्हा मला डेस्कटॉपचा मासिक पॅच दिसतो. त्याच आकड्याखाली सर्व्हरची आख्खी पिढी बदलणारी गोष्ट असेल, असं मी का समजावं? क्रमांकाला दुसरं काही काम नाही बाळ, सुंदर दिसायचं नाही, लक्षात राहायचं नाही. एकाच गोष्टीकडे बोट दाखवायचं, बस्स. तेवढं जमलं नाही तर तो क्रमांक कशाला?

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं आणि आजही नाही. मजकूर लिहिणाऱ्यांच्या बाजूनं मी एवढंच म्हणेन की दोष नावापेक्षा क्रमांकाचा होता.

मी : आता नावाचं ऐक. डेबियन लिनक्सची पहिली स्थिर आवृत्ती १.१ आहे, १.० नाहीच. १९९५ च्या डिसेंबरात इन्फोमॅजिक नावाच्या कंपनीनं अर्धवट अवस्थेतलं डेबियन सीडीवर घालून '१.०' म्हणून विकलं. त्यामुळे खऱ्या आवृत्तीला तो आकडा वापरताच येईना. जून १९९६ मध्ये ती १.१ म्हणून आली, सांकेतिक नाव बझ. तेव्हापासून टॉय स्टोरीतल्या पात्रांची नावं. तयार होत असलेल्या आवृत्तीला आकडा आधी लावला तर कोणीतरी तो तयार माल समजून उचलतं. नावाचं तसं होत नाही. आकडा चोरीला गेला, नावानं भागवलं.

मामा : डेबियनच्या नावांना माझा विरोध कधीच नव्हता. माझ्या डेबियन यंत्रांवर अपडेट कुठून घ्यायचे ते सांगणाऱ्या सोर्सेस फाइलमध्ये मी नावच लिहितो. 'बुकवर्म' लिहितो, 'स्टेबल' लिहीत नाही.

मी : म्हणजे तूसुद्धा नाव वापरतोस!

मामा : वापरतो, कारण ते नाव हलत नाही. बुकवर्म म्हणजे डेबियन १२, आजही आणि दहा वर्षांनीही. 'स्टेबल' म्हणजे आजची जी स्थिर आवृत्ती असेल ती. ९ ऑगस्ट २०२५ ला ट्रिक्सी आली आणि 'स्टेबल'चं बोट बारावरून तेराकडे वळलं. ज्यांनी फाइलमध्ये 'स्टेबल' लिहून ठेवलं होतं त्यांनी दुसऱ्या दिवशी रोजचं अपग्रेड चालवलं, तर ते नकळत नव्या आवृत्तीच्या दारात उभे. नाव की आकडा, हा माझा वादच नाही. नाव हलतं आहे की ठरलेलं आहे, एवढंच मी बघतो.

मी : मग तुझ्या हिशेबात 'विंडोज १०' हेही हलतं नाव.

मामा : तेच सगळ्यात जास्त हललं. २९ जुलै २०१५ ला आलेलं १० आणि २२एच२ चं १०, नाव एक, पण यातलं एक जिथे चालतं तिथे दुसरं चालेलच असं नाही. म्हणून त्यांना वर्ष-महिन्याचे आकडे जोडावे लागले, १५११, १६०७, १८०९. २०२० च्या पहिल्या आवृत्तीचा आकडा याच रीतीनं २००३ होऊ शकला असता, पण सर्व्हर २००३ शी घोटाळा होईल म्हणून २००४ ठेवला. सतरा वर्षांपूर्वीच्या नावाची सावली नव्या नावावर पडली बघ. त्यानंतर ती रीतच सोडून २०एच२ सुरू केलं.

मी : पण त्या एका नावाचा फायदा तू मोजत नाहीस. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला. माझ्यासारख्या लोकांना ते एका वाक्यात सांगता आलं. तुझ्यासारखं मोजून सांगायला गेलो असतो तर तेरा-चौदा आवृत्त्यांची यादी द्यावी लागली असती आणि ती कोणी वाचली नसती. लोकांनी संगणक बदलले, पैसे बाजूला काढले, ते त्या एका ठसठशीत नावामुळे.

मामा : ते वाक्य लोकांपर्यंत पोचलं, खरंय. पण त्या आठवड्यात मला किती जणांनी विचारलं की आपले सर्व्हर २०१९ पण संपले का! कारण कोणीतरी त्यांना सांगितलं होतं की २०१९ म्हणजे आतून विंडोज १० च. आतून आहेच, १८०९ चा बिल्ड, १७७६३. पण त्याचा सपोर्ट ९ जानेवारी २०२९ पर्यंत. एलटीएससीही जिवंत. 'विंडोज १० संपलं' हे वाक्य ज्यांच्यासाठी होतं त्यांना बरोबर कळलं, आणि ज्यांच्यासाठी नव्हतं ते घाबरले.

आमच्या आजोळच्या जमिनीचं मला इथे आठवलं. घरात सगळे त्या तुकड्याला 'चिंचेचा मळा' म्हणतात, सात-बाऱ्यावर गट क्रमांक आहे, आणि एकत्रीकरणाआधीच्या जुन्या कागदांवर सर्व्हे नंबर तिसराच. पेरणी चिंचेच्या मळ्यात होते. कर्ज गट क्रमांकावर मिळतं. संगणकातही असं जमलेलं आहे. सन मायक्रोसिस्टिम्सनं आपल्या सोलारिस या सिस्टिमच्या २.६ नंतरच्या आवृत्तीला एकदम सोलारिस ७ म्हटलं, आणि यूनेम या आज्ञेनं विचारलं तर ती स्वतःला सनओएस ५.७ सांगायची. सोलारिस सांभाळणाऱ्यांना दोन्ही नावं पाठ असायची आणि त्यांचं अडायचं नाही, कारण दोन्हींमधला संबंध पक्का होता. मला वाटतं मामाचं आणि माझं म्हणणं जुळतं ते इथे. दोन नावं असायला हरकत नाही. एकावरून दुसरं खात्रीनं काढता आलं पाहिजे.

मी : मग तुझ्या मते हे नीट कोणाला जमलं?

मामा : उबुंटूला. २००४ च्या ऑक्टोबरात पहिली आवृत्ती, आकडा ४.१०. वर्ष आणि महिना. आणि २००६ ची गोष्ट मला फार आवडते. दीर्घ सपोर्टची पहिली आवृत्ती एप्रिलमध्ये यायची होती, म्हणजे ६.०४. काम राहिलं होतं, उशीर झाला, जूनमध्ये आली. तर त्यांनी आकडा ६.०६ केला. उशीर नावात लिहून टाकला. किती कंपन्या असं करतील?

मी : पण त्याच ६.०६ ला डेस्कटॉपसाठी तीन वर्षं आणि सर्व्हरसाठी पाच वर्षं सपोर्ट होता. एकच आकडा, दोन आयुष्यं. तुला हे चाललं?

मामा : नाही चाललं. १२.०४ पासून दोन्हींना पाच वर्षं केली तेव्हा मला बरं वाटलं. सहा वर्षं लागली त्याला.

मी : आणि मॅकओएसनं २०२५ मध्ये पंधरावरून थेट २६ वर उडी घेतली, टाहो. आली सप्टेंबर २०२५ मध्ये, आकडा पुढच्या वर्षाचा. मला आवडलं. फोन, घड्याळ, संगणक, सगळ्यांचा आकडा एक झाला. गिऱ्हाईक एकदा शिकलं की झालं.

मामा : पंचवीस साली बाहेर पडलेल्या गोष्टीवर सव्वीस लिहायचं, हे मला पटत नाही. गाडीवाले करतात म्हणून आपणही करायचं का? उशीर झाला म्हणून ६.०६ लिहिणारे कुठे आणि हे कुठे.

इथे आमचं जमलं नाही. वर्षाचा आकडा लोक जन्मतारीख म्हणून वाचत नाहीत, क्रम म्हणून वाचतात, असं माझं मत आहे. सव्वीसनंतर सत्तावीस येईल हे कळलं की त्याचं काम झालं.

मग मामानं मला माझ्याच कामाबद्दल विचारलं. आमच्या प्रॉडक्टमध्ये अपडेट झाल्यावर संदेश येतो : 'तुम्ही नवीनतम आवृत्ती वापरत आहात.' तो मी लिहिलेला आहे.

मामा : हे तुझं 'स्टेबल' आहे. उद्या नवीन आवृत्ती आली की हे वाक्य खोटं. कोणी त्याचा स्क्रीनशॉट काढून तीन महिन्यांनी तुमच्या सपोर्टला पाठवला, तर त्यावरून काय कळणार?

मी : ते वाक्य सपोर्टसाठी नाही, वापरणाऱ्याच्या मनाच्या शांतीसाठी आहे. अपडेट झालं की नाही, एवढंच त्याला हवं असतं. ते मी काढणार नाही.

मामा : नको काढूस. खाली आकडा लिही, एडिशन लिही, आणि सुरक्षा अपडेट कुठल्या तारखेपर्यंत ते लिही. पूर्ण तारीख, वर्षासकट. आणि तो मजकूर निवडून कॉपी करता आला पाहिजे. चित्रात घातलास तर फोनवर वाचून दाखवावा लागतो, आणि शून्य की ओ यातच पाच मिनिटं जातात.

मी : तीन ओळी होतात. त्या चौकटीत दोनच बसतात.

मामा : मग वर 'अभिनंदन!' लिहिलं आहे ते काढ.

'अभिनंदन' काढलं. पहिल्या ओळीत 'नवीनतम' तसंच आहे. दुसऱ्या ओळीत आकडा आणि एडिशन, तिसरीत तारीख, तिन्ही कॉपी करता येतात. तारखेच्या ओळीला आमच्या कायदा विभागाची मंजुरी अजून यायची आहे. एकदा छापलेली तारीख पुढे बदलता येणार नाही, ही त्यांची हरकत आहे. मामाला ती तारीख नेमकी त्याचसाठी हवी आहे.